बांगड्याची आंगवण

आते, उद्या तुझं पान वाढायचं आहे आणि त्यात काय वाढायचं ते ठरत नाही.

तेरावं झालं. चुलतभावाने सगळं नीट केलं, काळजी करू नकोस. गोडाचं जेवण झालं, माणसं आली, गेली. उद्या माशांचं जेवण. आपल्याकडची रीत तुला मी काय सांगणार? बाबांच्या वेळी तूच सांगत होतीस, की दिवस झाल्यावर घरात पहिल्यांदा मासे शिजतात तेव्हा पहिलं पान गेलेल्या माणसाचं, आणि त्या पानात त्याच्या आवडीचा मासा. ते मागच्या दारी ठेवायचं आणि मग घरच्यांनी जेवायचं. बाबांच्या पानात तू पेडवे तळून वाढले होतेस, आणि एक कमी कुरकुरीत झाला म्हणून काढून दुसरा ठेवलास.

तुझ्या आवडीचा मासा सगळ्या वाडीला ठाऊक आहे. बांगडा. तिरफळ घातलेलं बांगड्याचं तिकलं आणि उकड्या तांदळाचा भात. पण गेली कितीतरी वर्षं तू बांगडा तोंडात घातला नाहीस. लोकांना सांगायचीस, "माका बांगडो सोसणा नाय, आंगार पित्त उठता." बी.ए.ला जाईपर्यंत मीही ते खरं धरून चालले होते.

काल संध्याकाळी आई पडवीत नारळ सोलत होती. समोर फोंडाघाटची मावशी बसली होती, तुझ्यासाठी आली ती अजून राहिली आहे. आई नारळावरून नजर न काढता मला म्हणाली,

"वन्सांच्या पानात बांगडो वाढूचो काय नाय, ता आता तू सांग."

"मी कित्याक? तिका आवडायचो, वाढूया."

"आंगवण होती तिची."

"माहीत आहे," मी म्हटलं. "पण कसली ते तिने कधी सांगितलं नाही."

आईने कोयता खाली ठेवला. "कसली म्हंजे? तुझीच गो. तुका अकरावीक घातला त्या दिवशी सातेरीकडे जावन घेतलेली. माझा चेडू शिकान आपल्या पायार उभा रवापर्यंत बांगडो खावचंय नाय म्हणान."

मावशी म्हणाली, "अगो, मेलेल्या माणसाक कसली आंगवण? मेल्यावर सगळा सुटता. वाढा गपचूप."

"सुटणा नाय," आई म्हणाली. "फिटली नसली तर तशीच रवता. आणि न फिटलेल्या आंगवणीत वाढलंव तर मोडली आपणच. त्याचा दोष कोणावर? ज्याच्यासाठी घेतली त्याच्यावर."

"आणि फिटली आसली तर?" मावशीने विचारलं.

"तर ती थंय उपाशी बसलेली आसतली, आम्ही वाढणव नाय म्हणान."

दोघी माझ्याकडे बघत राहिल्या. मी एम.ए. झालेली, मुलांना मराठी शिकवणारी. मला हसून सोडून देता यायला हवं होतं. पण सोडून देता आलं नाही, आते.

तुझ्याशी या शब्दावरून मी किती भांडले आहे! बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला होते. तू तिकलं करत होतीस आणि नेहमीसारखी पळीत रस घेऊन माझ्यापुढे धरलास, "मीठ बघ गो." मी अकरावीत गेल्यापासून बांगड्याचं मीठ नेहमी मीच बघायचे. पेडवे असोत, कोळंबी असो, तिथे तू स्वतः चाखायचीस. त्या दिवशी मी विचारलं की बांगड्याचंच मीठ मी का बघायचं. तू म्हणालीस, "आंगवण आसा." मी विचारलं, कशाची? "फिटली काय सांगतलंय. आधी सांगली तर हलकी होता."

मला वाटलं तुझ्या गुडघ्यांसाठी असेल. किंवा त्या कलमांच्या तुकड्याच्या वादासाठी. तुला विचारून उत्तर मिळत नाही हे माहीत होतं, म्हणून मी शब्दाच्या मागे लागले. कॉलेजच्या ग्रंथालयात जाड कोश उघडले. नवस या शब्दाचं मूळ काही अभ्यासक 'नमस्' या संस्कृत शब्दात शोधतात, म्हणजे वाकणं, नमस्कार करणं. काहींना ते पटत नाही. आणि आंगवण? जुन्या मराठीत तिचा अर्थ ताकद, धमक, एखादी गोष्ट पेलण्याची हिंमत असा दिलेला. आणि पुढे आपल्या भागातला अर्थ: नवस. तेवढंच. मी घाईघाईने घरी आले आणि तुला सांगितलं, की आते, तुझी आंगवण आणि सगळ्यांचा नवस एकच, कोशात तसंच लिहिलंय.

तू आंब्याच्या पेटीत पेंढा घालत होतीस. त्या वर्षी जामसंड्याला पेट्या भरायच्या कामाला जायचीस आणि घरीही थोड्या आणायचीस. मान वर न करता म्हणालीस,

"तुझ्या त्या कोशवाल्यान कधी बांगडो सोडलेलो काय?"

"त्याचा इथे काय संबंध?"

"मगे तेका काय म्हायत! नवस म्हंजे देवाक सांगूचा, तू दी, मगे मी देतंय. कोंबो देतंय, नारळ देतंय, तुझी ओटी भरतंय. आंगवण म्हंजे मी आधीच सोडलंय, आता तू बघ."

"असा फरक कुणीच करत नाही. शेजारी विचार. लोक दोन्ही शब्द एकाच अर्थाने वापरतात."

"लोक बांगडे पण खातत."

मी चिडले, तू हसलीस, आणि एक आंबा माझ्या हातात ठेवून म्हणालीस, ह्यो पिकतलो परवा, तवसर वाद घाल. माझं म्हणणं मी अजून सोडलेलं नाही, आते. हा फरक तुझा तू केलेला होता. पण तू तो केलास आणि पाळलास, आणि मी मात्र त्या दिवशी नुसता अर्थ शोधत बसले.

तुझ्यामुळे मी शिकले हे मी किती जणांना सांगते! बाबा गेल्यावर काका म्हणाले होते की मुलीला काजूच्या कारखान्यात लावा, ओळख आहे. आई गप्प होती. तू, नवरा गेल्यावर माहेरी येऊन राहिलेली, ज्या बाईचा घरात शब्द चालत नसे म्हणतात ती, म्हणालीस की हिचा नाव मी कॉलेजात घालून इलंय, आता काय ता बोला. तेव्हा तू नाव घातलेलंच नव्हतंस. दुसऱ्या दिवशी सकाळच्या एस.टी.ने माझ्याबरोबर आलीस आणि कार्यालयातल्या बाईंना "आमका जरा समजावन सांगा" म्हणालीस. तिथे तू अगदी प्रमाण मराठीत बोलायचा प्रयत्न केलास, "मुलीचे नाव घालावयाचे आहे," असं, आणि मी लाजले. येताना तू देवळाच्या वळणावर उतरलीस आणि मला म्हणालीस, तू हो पुढे. आता कळतंय तू का उतरलीस.

आता मला ज्या गोष्टीची भीती वाटते ती सांगते.

मी वैभववाडीला तासिका तत्त्वावर शिकवते हे तुला माहीत होतं. उन्हाळ्यात काम संपतं, जूनमध्ये परत मुलाखत, परत नेमणूक. दरवर्षी तसंच. आणि दरवर्षी जूनमध्ये मी घरी आले की तू चुलीपासून विचारायचीस, "झाला काय गो?"

"काय?"

"ता तुझा कायम."

"नाय गो आते, अजून नाय. या वर्षी पण तासिकाच."

"होतला, होतला," म्हणायचीस, आणि पाट पुढे सरकवायचीस.

मला वाटायचं तू माझ्या नोकरीची चौकशी करते आहेस. सगळेच करतात. एस.टी.तला कंडक्टरसुद्धा करतो. मी कधी वैतागायचे, कधी मुद्दाम सविस्तर सांगत बसायचे, जागा कशा निघत नाहीत, भरती कशी थांबली आहे. तू ऐकून घ्यायचीस आणि पुढल्या वेळी परत बांगड्याचं मीठ मला बघायला लावायचीस. तू माझी आंगवण फिटली का ते विचारत होतीस, आणि मी दरवेळी, अगदी खरं बोलत, नाही म्हणत होते.

पगार मी आणत होते तेव्हाही तू बांगडा नाही खाल्लास. घरावर कौलं मी घातली तेव्हाही नाही. मी म्हटलं असतं, हो आते, झाले मी उभी, तर कदाचित त्याच दुपारी तू बांगडा खाल्ला असतास. की नसतास? मी कायम होण्याची वाट तू बघत होतीस, की मी स्वतःहून म्हणण्याची? हे आता कोणाला विचारू?

देवीला विचारावं म्हणून आज सकाळी सातेरीकडे गेले. हसू नकोस. गुरव देवळाच्या पायरीवर बसून फोनवर बोलत होता. मला बघून उठला.

"काय गो, मास्तरीण मां तू? कौल लावूक इलंस?"

मी हो म्हटलं. त्याने देवीला पाणी घातलं, पाषाणावर दोन्ही बाजूंना पाकळ्या चिकटवल्या. उजवी पडली तर होय, डावी पडली तर नाही. मग माझ्याकडे वळला.

"काय म्हणान विचारू?"

"आतेची आंगवण फिटली काय?"

"खेची होती?"

"मी माझ्या पायावर उभी राहण्याची."

"मग रवलंस काय नाय?"

"ता म्हायत असता तर हय कित्याक येतंय?"

त्याने कपाळावर हात मारला. "तुका म्हायत नाय, मगे देवाक खंयसून म्हायत असतला? बरा, विचारतंय."

त्याने मोठ्याने विचारलं. आम्ही उभे राहिलो. पाकळ्या पडेनात. त्याने परत विचारलं, आवाज वाढवून. मी उजव्या पाकळीकडे बघत होते आणि मग डाव्या. मुलाखतीच्या खोलीबाहेर बसते तशी उभी होते. डावी पडली तर काय करायचं याचाच विचार करत होते. तुझं पान कोरडं ठेवायचं? की तुझ्यासाठी दुसरा मासा आणायचा आणि तू समजून घेशील म्हणायचं?

पाकळ्या शेवटपर्यंत तशाच राहिल्या. गुरवाचा फोन परत वाजला.

"आज बोलणा नाय देवी. सोमवारी ये."

"सोमवारी कशी येऊ? जेवण उद्या आहे."

"मगे तूच ठरव. तुझ्या आतेन काय माका विचारून घेतलेली?"

आणि तो फोन कानाला लावून बाहेर गेला.

येताना बंदरावरून आले. होड्या वर ओढायला सुरुवात झाली आहे, पावसाळ्याची बंदी येते आहे. आईने बांगडे आजच घेऊन ठेवायला सांगितले होते, "मगे पावसात ताजो बांगडो खंय गावतलो?" मी घेतले. कोळणीने तुझी चौकशी केली. गेली म्हटल्यावर ती दोन बांगडे जास्त घालून म्हणाली, "ती बरी पारखीण होती गो. खायची नाय पण डोळे बघून सांगायची, खयचो ताजो तो."

आता ते बांगडे मीठ लावून ठेवले आहेत. मी लिहिते आहे. आई दोनदा येऊन बघून गेली. काय ते ठरलं का असं तिला विचारायचं आहे, पण विचारत नाही.

हे पुढचं दुसऱ्या दिवशी दुपारी लिहिते.

सकाळी आईने तिकलं केलं. मावशीने भात. केळीचं पान मी कापून आणलं, तेवढं काम माझं. आईने पानावर भात वाढला, सोलकढी ठेवली, भाजी ठेवली आणि मग तिकल्याचं भांडं हातात घेऊन उभी राहिली.

"वाढू?"

मी पान सरळ केलं.

"सांग गो. भात निवता."

मावशी म्हणाली, "वाढ म्हणान सांग, होतला काय ता."

मला जूनची मुलाखत दिसत होती. यंदा विषयाचे तास कमी होणार असं ऐकलं आहे. कदाचित यंदा मला बोलावणारही नाहीत. अशा बाईने काय म्हणून म्हणावं की मी उभी आहे? खोटं बोलून मी तुझी आंगवण फेडली तर ती फेड कसली? तुला खोट्याचा राग यायचा. लहानपणी मी पेजेची वाटी मांजराने पाडली म्हणून सांगितलं तर तू दिवसभर मांजराची क्षमा मागायला लावली होतीस.

आणि मग मला तो दवाखाना आठवला.

त्या दिवशी तुला घेऊन आम्ही गेलो तेव्हा आई गाडीत तुझा हात धरून रडत होती. काका फोनवर मिळत नव्हते. आत नेल्यावर नर्सने बाहेर येऊन विचारलं, "पेशंटबरोबर कोण आहे?" मी म्हटलं, "मी." तिने मागे पाहिलं, कोणी पुरुष आहे का म्हणून. मी परत म्हटलं, "मी आहे." सह्या मी केल्या. डॉक्टरांना तुला आधी काय काय झालं होतं ते मी सांगितलं, न अडखळता. त्यांनी इंग्रजीत जे लिहिलं होतं ते मी वाचलं आणि आईला आपल्या भाषेत सांगितलं, तिला जेवढं पेलेल तेवढंच. आणि शेवटी डॉक्टर मला बाजूला घेऊन जे बोलले ते मी उभ्याने ऐकलं. आईला ते कसं सांगायचं हेही मीच ठरवलं. गाडी मी ठरवली. तुला घरी मी आणलं. तेव्हा हे सगळं कोण करणार असं कुणी विचारलं नाही, मीही नाही.

तू आत होतीस. तुला ते दिसलं नाही. तुला नाव घालायला एस.टी.त बसून यावं लागलं, "समजावन सांगा" म्हणावं लागलं. मला कुणाला समजावून सांगा म्हणावं लागलं नाही, आते. मला माहीत नाही तू यालाच उभं राहणं म्हणत होतीस का. पण त्याच दिवशी तुझी आंगवण फिटली असेल, तर ते तुला सांगायला मला थोडासाही वेळ मिळाला नाही. हे माझ्या मनातून जाणार नाही.

"आये," मी म्हटलं, "वाढ."

"बघ हां."

"बघलंय. वाढ."

आईने वाढलं. दोन तुकडे. मग माझ्याकडे बघून तिसरा. रस्सा थोडा पानाबाहेर गेला आणि मावशी म्हणाली, "अगो, पुसू नको, भायर पडला तरी तिचाच," आणि आम्ही तिघीही हसलो, आणि मग आई हसता हसता रडायला लागली.

पान मागच्या दारी मी नेलं. माडाखाली ठेवलं. तिथे काय बोलायचं हे मी रात्रभर तयार केलं होतं, शुद्ध मराठीत, नमस्कारापासून. त्यातलं काही आठवलं नाही. कावळा येतो का बघायला मी थांबले नाही. बघायची हिंमत नव्हती.

आपल्या भाषेत एवढंच बोलले, "आते, मी उभी आसंय. खोटा निघाला तर ता माझ्यार लागांदे, तुझ्यार नको. तू जेव."